शत्रूच्या ताब्यातल्या ज्यूंना बाहेरून कसं वाचवलं? १९४३-४४ मध्ये काय अडलं आणि काय चाललं

प्रश्न असा आहे: दुसरं महायुद्ध ऐन भरात असताना अमेरिकेत ज्यूंच्या सुटकेसाठी सभा झाल्या, मोर्चे निघाले, वर्तमानपत्रांत पानभर जाहिराती आल्या. पण ज्यांना वाचवायचं होतं ते तर हिटलरच्या ताब्यात होते. मग न्यूयॉर्कमध्ये आवाज उठवून युरोपातला एक तरी जीव वाचला का? वाचला असेल तर नेमका कसा?

वाचला, आणि एक नव्हे, हजारोंनी वाचले. मात्र त्या सभांमुळे बर्लिनमध्ये कुणाचं मन वळलं नाही, ते शक्यही नव्हतं. वळवायचं होतं ते वॉशिंग्टनला. १९४३ मध्ये सुटकेची वाट अनेक ठिकाणी जर्मन पहाऱ्यापेक्षा मित्रराष्ट्रांच्याच कागदांनी अडवली होती. फाइल कुठल्या टेबलावर अडली आहे हे शोधून तिथं पुरेसं वजन टाकायला १४ महिने लागले. त्या १४ महिन्यांत किती माणसं मेली हे लक्षात ठेवूनच पुढचं वाचावं.

आधी एक गैरसमज दूर करायला हवा. ‘सगळे ज्यू जर्मनांच्या मुठीत होते, त्यामुळे बाहेरून काही करता येणं शक्यच नव्हतं’ असं सर्रास म्हटलं जातं. पोलंडपुरतं ते बऱ्याच अंशी खरं आहे. पण १९४४ च्या सुरुवातीला हंगेरीत सात लाखांहून अधिक ज्यू जिवंत होते, रोमानियात सुमारे तीन लाख, बल्गेरियात सुमारे ५०,०००. हे देश जर्मनीच्या गोटातले असले तरी तिथली सरकारं त्यांची स्वतःची होती. फेब्रुवारी १९४३ मध्ये स्टालिनग्राडला जर्मन सैन्यानं शरणागती पत्करल्यावर या सरकारांना युद्धानंतरच्या जाबजबाबाची धास्ती वाटू लागली होती. शिवाय स्पेन, स्वित्झर्लंड, स्वीडन, तुर्कस्तान या तटस्थ देशांच्या सीमा होत्या. फ्रान्समध्ये मठांत, शाळांत, शेतांवर लपवलेली मुलं होती. फटी होत्या. त्या फटींतून माणूस बाहेर काढायला तीन गोष्टी लागत: कागद, पैसा आणि वाहन. तिन्हींच्या किल्ल्या मित्रराष्ट्रांच्या कचेऱ्यांत होत्या.

कागदांपासून सुरुवात करू. अमेरिकेच्या १९२४ च्या कायद्यानं दरवर्षी कुठल्या देशातून किती लोक वसायला येऊ शकतात याचा देशवार कोटा ठरलेला होता. ऑस्ट्रिया धरून जर्मनीचा वार्षिक कोटा २७,३७०. जून १९४० मध्ये परराष्ट्र खात्याचे सहायक मंत्री ब्रेकिनरिज लाँग यांनी एका अंतर्गत टिपणात वकिलातींना काय सांगायचं ते स्पष्ट लिहून ठेवलं: अडचणी काढत राहा, पुढे ढकला, पुन्हा पुढे ढकला. कायदा बदलायची गरजच नव्हती, आणि कायदा न बदलल्यामुळे संसदेत चर्चाही झाली नाही. जून १९४१ मध्ये नियम आला की जवळचे नातेवाईक जर्मनव्याप्त प्रदेशात असतील तर व्हिसा देऊ नये. नातेवाइकांना ओलीस धरून जर्मनी त्या माणसाकडून हेरगिरी करवून घेईल, असं कारण दिलं गेलं. म्हणजे ज्याची आई वॉर्सात अडकली आहे, त्याला ती अडकली आहे म्हणूनच नकार. पुढच्याच महिन्यात सगळे अर्ज तपासणीसाठी वॉशिंग्टनला जाऊ लागले. व्हिसासाठी अर्जदारानं वाणिज्यदूतासमोर स्वतः उभं राहावं लागे, आणि जर्मनीच्या ताब्यातल्या प्रदेशातले अमेरिकी वाणिज्य दूतावास तेव्हाच बंद झाले. १९४३ मध्ये अर्जाचा नमुनाच चार फुटांहून लांब झाला; तो दोन्ही बाजूंनी आणि सहा प्रतींत भरायचा. परिणाम असा की अमेरिका युद्धात उतरल्यापासून युद्ध संपेपर्यंत साधारण २१,००० निर्वासित आत आले, म्हणजे कायद्यानं शक्य होते त्याच्या दहा टक्के. ९० टक्के जागा रिकाम्या राहिल्या.

दुसरी वाट पॅलेस्टाइनची. तिथं राज्य ब्रिटिशांचं, आणि मे १९३९ च्या श्वेतपत्रिकेनं पाच वर्षांसाठी ७५,००० ज्यूंची मर्यादा घातली होती. रोमानियातल्या एखाद्या कुटुंबानं जायचं म्हटलं तर क्रम असा: पॅलेस्टाइनचा प्रवेशदाखला, त्याच्या आधारावर तुर्कस्तानचा ट्रान्झिट व्हिसा, रस्त्यानं जायचं तर बल्गेरियाचाही, मग रोमानियाची निर्गमन परवानगी, आणि शेवटी इस्तंबूलहून सीरियामार्गे रेल्वे. प्रत्येक कागदाला मुदत, आणि मागचा कागद हातात असल्याशिवाय पुढचा मिळत नाही. तुर्कस्ताननं आठवड्याला फक्त नऊ कुटुंबं सोडायचं धोरण ठेवलं होतं. जुलै १९४३ मध्ये ब्रिटिशांनी ठरवलं की जो ज्यू स्वतःच्या बळावर इस्तंबूलला पोचेल त्याला पॅलेस्टाइनमध्ये घ्यायचं. निर्णय चांगला होता, पण तो गुप्त ठेवला आणि तुर्कस्तानला कित्येक महिने कळवलाच नाही. तुर्की अधिकारी मग कशाच्या भरवशावर दार उघडणार? कागद नसताना काय होतं ते ‘स्ट्रुमा’ जहाजानं दाखवून दिलं होतं. पॅलेस्टाइनचे दाखले नाहीत म्हणून साडेसातशेहून अधिक प्रवाशांना इस्तंबूलच्या धक्क्यावर उतरू दिलं नाही, इंजिन बंद पडलेलं जहाज काळ्या समुद्रात ओढून सोडून दिलं, आणि २४ फेब्रुवारी १९४२ ला सोव्हिएत पाणबुडीनं ते बुडवलं. एकच माणूस वाचला.

आता पैसा. शत्रूच्या मुलुखात डॉलर पाठवणं हा अमेरिकेत गुन्हा होता, आणि नियम योग्यही होता. परकीय चलन जर्मनीच्या हाती पडता कामा नये. यावर तोडगा काढला तो जिनिव्हातल्या वर्ल्ड ज्यूइश काँग्रेसच्या गेऱ्हार्ट रिग्नर यांनी. लपवलेल्या मुलांचा खर्च, खोटी ओळखपत्रं, सीमेपलीकडे नेणारे वाटाडे यांसाठी लागणारा पैसा स्थानिक चलनात, तिथल्याच पैसेवाल्यांकडून उसना घ्यायचा. त्यांच्या नावे तेवढे डॉलर बाहेरच्या बँकेत गोठवलेल्या खात्यात जमा करायचे आणि युद्ध संपल्यावरच द्यायचे. फ्रान्समधला व्यापारी फ्रँक देतो, त्याला भविष्यातल्या डॉलरची हमी मिळते, सीमेपलीकडे एक सेंटही जात नाही. अर्थखात्याच्या वकिलांनी हा आराखडा तपासून मान्य केला, राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टनी होकार दिला. तरीही एप्रिल १९४३ मध्ये मागितलेला परवाना डिसेंबरात मिळाला, आणि तो पहिला परवाना फक्त २५,००० डॉलरचा होता. आठ महिने परराष्ट्र खातं आणि ब्रिटिश सरकार यांच्यात कागद फिरत होता. डिसेंबरात लंडनहून आलेल्या पत्रात खरं कारण उघड झालं: मोठ्या संख्येनं ज्यू वाचलेच तर त्यांना ठेवायचं कुठं, ही ब्रिटिश परराष्ट्र खात्याची चिंता होती. हे वाक्य अर्थखात्यातल्या लोकांच्या इतकं जिव्हारी लागलं की पुढचं सगळं वेगानं घडलं. त्याकडे येतोच.

राहिलं वाहन. जहाजंच नाहीत, हे कारण सर्वांत जास्त वेळा दिलं गेलं आणि ते सर्वांत कमी टिकतं. युद्धाच्या काळात अमेरिकेनं चार लाखांहून अधिक युद्धकैदी जहाजांनी आपल्या देशात आणून ठेवले. सामान घेऊन युरोप-आफ्रिकेकडे गेलेली मालवाहू जहाजं परतताना रिकामी यायची, तोल राखायला त्यांत दगडमाती भरावी लागे. जागेचं कारणही तसंच. सोव्हिएत हद्दीतून बाहेर पडलेले सुमारे ५,००० पोलिश निर्वासित १९४३ पासून आपल्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला वसवले गेले. त्यांच्यासाठी घरं, शाळा, दवाखाना, चर्च सगळं उभं राहिलं. ते बहुतांश कॅथलिक होते आणि ही ज्यूंच्या सुटकेची मोहीम नव्हती, हे नीट लक्षात घ्यावं, कारण मराठीत या दोन गोष्टींची पुष्कळदा सरमिसळ होते. पण सरकारला माणसं हलवायची असली की ऐन युद्धात इराणमार्गे कोल्हापूरपर्यंत हलवता येत होती, एवढं यातून नक्की सिद्ध होतं. पोलंडमधून सुटून तेहरानला पोचलेल्या आठशेहून अधिक ज्यू मुलांना इराकनं वाट नाकारली, तेव्हा त्यांनाही समुद्रानं कराचीमार्गे सुएझला न्यावं लागलं. फेब्रुवारी १९४३ मध्ये ती पॅलेस्टाइनला पोचली.

आता चळवळ. ८ ऑगस्ट १९४२ ला याच रिग्नरनी जिनिव्हातून तार केली की युरोपातल्या सगळ्या ज्यूंना मारण्याची योजना आहे. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्यानं ती ज्यांच्यासाठी होती त्या अमेरिकी ज्यूंच्या पुढाऱ्याला, रब्बी (ज्यू धर्मगुरू) स्टीफन वाइज यांना दिलीच नाही. ब्रिटिश खासदार सिडनी सिल्व्हरमन यांच्याकडे गेलेल्या प्रतीमुळे ती वाइजना महिनाअखेरीस कळली. खात्यानं शहानिशा होईपर्यंत गप्प राहायला सांगितलं, वाइज थांबले. २४ नोव्हेंबरला खात्यानं दुजोरा दिल्यावर त्यांनी पत्रकारांना सांगितलं: २० लाख ज्यू आधीच मारले गेले आहेत. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत ही बातमी आतल्या पानावर छापून आली.

ती वाचणाऱ्यांत हिलेल कूक नावाचा सत्तावीस वर्षांचा तरुण होता. लिथुआनियात जन्मलेला, पॅलेस्टाइनचे मुख्य रब्बी अब्राहम आयझॅक कूक यांचा पुतण्या. घराण्याला झळ लागू नये म्हणून अमेरिकेत त्यानं पीटर बर्गसन हे नाव घेतलं होतं. त्याच्याभोवती श्मुएल मर्लिन, एरी जाबोटिन्स्की असे मूठभर लोक, सगळे परदेशी, आणि सोबत हॉलिवूडचे पटकथालेखक बेन हेक्ट. आधी हा गट ज्यूंचं स्वतंत्र सैन्य उभारावं म्हणून खटपट करत होता. त्या बातमीनंतर त्यांनी सगळं बळ सुटकेकडे वळवलं.

त्यांची पद्धत समजून घेण्यासारखी आहे. मोठ्या वर्तमानपत्रात पूर्ण पान घ्यायचं. मथळा असा की नजर अडलीच पाहिजे. खाली दोन्ही पक्षांच्या सिनेटरांची, कलावंतांची, प्राध्यापकांची नावं, आणि तळाला कापून पाठवायचं कूपन: नाव, पत्ता, देणगी. आलेल्या देणगीतून पुढच्या जाहिरातीचे पैसे निघत, आलेल्या पत्त्यांतून खासदारांना पत्रं लिहिणारे लोक मिळत. १६ फेब्रुवारी १९४३ ची जाहिरात सर्वांत गाजली. रोमानिया ट्रान्सनिस्ट्रियातले (युक्रेनच्या रोमानियानं व्यापलेल्या भागातले) ७०,००० ज्यू सोडायला तयार आहे अशी बातमी तीन दिवसांपूर्वी आली होती. जाहिरातीचा मथळा होता की ७०,००० ज्यू दर डोई ५० डॉलरला विक्रीला आहेत, माणूस असल्याची हमी. या जाहिरातीत चूक होती ती सांगायला हवी. वाचणाऱ्याला वाटे, आपण ५० डॉलर पाठवले की एक माणूस सुटला. प्रत्यक्षात पैसे प्रचारमोहिमेला जाणार होते, आणि प्रस्तावावर निर्णय सरकारांनी घ्यायचा होता. प्रस्थापित ज्यू संघटनांनी यावर कडक टीका केली, ती निराधार नव्हती. पण ‘अशा प्रस्तावाचं सरकारनं काय केलं?’ हा प्रश्न त्या पानानं एका दिवसात देशभर नेला, हेही खरं.

वाइज यांच्या बाजूनंही काम झालं होतं, ते बर्गसनचे चाहते अनेकदा विसरतात. १ मार्चला मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये प्रचंड सभा झाली, तिथं ११ मागण्यांचा कार्यक्रम मंजूर झाला: तटस्थ देशांमार्फत बोलणी, निर्वासितांना आसरा, पॅलेस्टाइन खुलं करणं, अन्नपुरवठा वगैरे. आराखडा म्हणून तो उत्तम होता. आठच दिवसांनी बर्गसनच्या गटानं त्याच सभागृहात हेक्टनं लिहिलेला आणि कुर्ट वाइलच्या संगीताचा भव्य नाट्यप्रयोग केला. एका रात्रीत दोन खेळ, ४०,००० प्रेक्षक. वॉशिंग्टनच्या प्रयोगाला एलिनॉर रूझवेल्ट, सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती आणि शेकडो खासदार आले. ज्यांच्या हातात मत होतं त्यांना दोन तास खुर्चीवर बसवून मेलेल्यांची मोजदाद ऐकवली, हे मला कुठल्याही जाहिरातीपेक्षा मोठं काम वाटतं.

सरकारांनी उत्तर म्हणून १९ एप्रिलला बर्म्युडात परिषद भरवली. बेट निवडलं तेच निदर्शक आणि पत्रकार लांब राहावेत म्हणून. कोटा आणि पॅलेस्टाइन हे दोन्ही विषय चर्चेबाहेर ठेवले होते, त्यामुळे निष्पन्न जवळजवळ काहीच झालं नाही. त्याच दिवशी वॉर्साच्या घेट्टोत, म्हणजे ज्यूंना कोंडून ठेवलेल्या वस्तीत, उठाव सुरू झाला. १२ मे ला लंडनमध्ये पोलिश ज्यूंचे प्रतिनिधी श्मुल झिगिएलबोइम यांनी जगाच्या निष्क्रियतेच्या निषेधार्थ आत्महत्या केली.

बर्म्युडानंतर बर्गसननं जे केलं ते मला निर्णायक वाटतं. जुलैत न्यूयॉर्कच्या हॉटेलात सहा दिवसांची परिषद घेतली आणि सहानुभूतीच्या भाषणांपेक्षा तज्ज्ञांच्या समित्यांवर भर दिला: वाहतूक, लष्कर, मुत्सद्देगिरी, मदतकार्य. प्रत्येक समितीनं एकाच प्रश्नाचं उत्तर द्यायचं: युद्धप्रयत्नांना धक्का न लावता काय करता येईल? आणि अकरा मागण्यांच्या जागी मागणी एकच ठेवली: फक्त सुटकेच्या कामासाठी वेगळं सरकारी मंडळ. अकरा मागण्या असल्या की सरकार त्यांतली सर्वांत अवघड निवडून तिच्यावरच चर्चा करतं. एक मागणी असली की हो किंवा नाही म्हणावं लागतं.

६ ऑक्टोबरला, योम किप्पूर या ज्यूंच्या प्रायश्चित्ताच्या पवित्र दिवसाच्या तीन दिवस आधी, चारशेहून अधिक ऑर्थोडॉक्स रब्बी वॉशिंग्टनच्या रस्त्यांवरून चालत गेले. उपराष्ट्राध्यक्ष हेन्री वॉलेस कॅपिटॉलच्या पायऱ्यांवर भेटले. रूझवेल्टनी भेट टाळली. ती टाळली हीच दुसऱ्या दिवशीची बातमी झाली. ९ नोव्हेंबरला सिनेटमध्ये गाय जिलेट यांनी, तर प्रतिनिधिगृहात विल रॉजर्स धाकटे आणि जोसेफ बाल्डविन यांनी ठराव मांडला: उरलेल्या ज्यूंना वाचवण्याची योजना आखून ती अमलात आणणारा तज्ज्ञांचा आयोग नेमावा. ठरावात पॅलेस्टाइनचा उल्लेख मुद्दाम ठेवला नव्हता. ब्रिटनशी वाद नको असलेला सिनेटरही त्यावर सही करू शकत होता. वाइजनी याच कारणासाठी ठराव अपुरा असल्याची साक्ष दिली. त्यांची भूमिका प्रामाणिक होती, पण त्या आठवड्यांत ती घातक होती असं माझं मत आहे. वाचलेली माणसं न्यायची कुठं हा प्रश्न नंतर सोडवता आला असता, आधी ती वाचायला हवी होती.

२६ नोव्हेंबरला ब्रेकिनरिज लाँग यांनी प्रतिनिधिगृहाच्या समितीसमोर बंद दाराआड साक्ष दिली की १९३३ पासून अमेरिकेनं सुमारे ५,८०,००० निर्वासित घेतले. ठराव थंडावू लागला. डिसेंबरात साक्ष छापून प्रसिद्ध झाली आणि आकडा खोटा ठरला: तो मंजूर होऊ शकणाऱ्या व्हिसांचा होता, आलेल्या माणसांचा नव्हता. प्रत्यक्षात आलेले निर्वासित त्याच्या निम्म्याहून कमी. खासदार इमॅन्युएल सेलर यांनी लाँगना जाहीरपणे धारेवर धरलं. २० डिसेंबरला सिनेटच्या परराष्ट्र समितीनं ठराव एकमतानं मंजूर केला.

इकडे अर्थखात्यात जे चाललं होतं त्याचा सुरुवातीला चळवळीशी काही संबंध नव्हता. जॉन पेल, जोसाया दुबॉय, रँडॉल्फ पॉल, अॅन्सेल लक्सफर्ड हे वकील रिग्नरचा परवाना का अडला एवढंच शोधत होते. शोधताना त्यांना स्वित्झर्लंडमधल्या बर्नच्या अमेरिकी वकिलातीला गेलेली १० फेब्रुवारी १९४३ ची तार सापडली, क्रमांक ३५४. खाजगी व्यक्तींसाठीचे निरोप यापुढे स्वीकारू नयेत, अशी तिच्यात सूचना होती. नुसती वाचली तर ही रुक्ष कार्यालयीन तार आहे. पण मूळ प्रतीत वरच संदर्भ दिला होता: तुमची तार ४८२, दिनांक २१ जानेवारी. ४८२ म्हणजे पोलंडमध्ये एकाच ठिकाणी रोज ६,००० ज्यू मारले जात असल्याची रिग्नरची बातमी. म्हणजे कत्तलीच्या बातम्या येण्याची वाटच खात्यानं बंद केली होती. अर्थमंत्री हेन्री मॉर्गेनथॉ यांनी अधिकृतपणे प्रत मागितल्यावर लाँग यांच्याकडून आलेल्या प्रतीत तो संदर्भ गायब होता. पण दुबॉयनी परराष्ट्र खात्यातल्या एका सज्जन अधिकाऱ्यामार्फत मूळ तार दोनच दिवस आधी पाहून ठेवली होती. गाळलेल्या त्या एका क्रमांकामुळे दिरंगाईचं रूपांतर लपवाछपवीत झालं.

दुबॉयनी नाताळच्या दिवशी बसून अहवालाचा मसुदा केला. १८ पानं, आणि शीर्षकातच आरोप: ज्यूंच्या हत्येला या सरकारची मूकसंमती. १६ जानेवारी १९४४, रविवारी मॉर्गेनथॉ, पेल आणि पॉल रूझवेल्टना भेटले. सौम्य केलेली आवृत्ती त्यांच्यापुढे ठेवली आणि सोबत मंडळ स्थापण्याच्या हुकुमाचा तयार मसुदाही. सिनेटमध्ये जिलेटचा ठराव २४ जानेवारीला यायचा होता. निवडणुकीच्या वर्षात भर सभागृहात हे सगळं निघालं असतं. २२ जानेवारीला रूझवेल्टनी हुकूम क्रमांक ९४१७ काढून वॉर रेफ्युजी बोर्ड, म्हणजे युद्धनिर्वासित मंडळ, स्थापन केलं.

श्रेय कुणाचं, यावर इतिहासकारांत अजून वाद आहे. माझं मत: पुरावा अर्थखात्याचा, मुदत चळवळीची. ठरावाची तारीख डोक्यावर नसती तर तो अहवाल आणखी एखाद्या महिन्याच्या चर्चेत रुतला असता. आणि अहवाल नसता तर ठरावाचा बर्म्युडासारखाच एखादा आयोग झाला असता.

ब्रिटनशी तुलना केली की हे नीट दिसतं. तिथं खासदार एलिनॉर रॅथबोन यांनी मार्च १९४३ मध्ये नॅशनल कमिटी उभारली, संसदेत प्रश्नांची सरबत्ती केली. तपशिलाची त्यांची पकड बर्गसनच्या गटाहून पक्की होती. पण युद्धकालीन संयुक्त सरकारपुढे सभागृहात ठराव रेटण्याची सोय त्यांना नव्हती, आणि मंत्रिमंडळात त्यांचा मॉर्गेनथॉ नव्हता.

बोर्डाच्या कामाकडे वळू. सरकारकडून १० लाख डॉलर, ३० च्या आसपास माणसं, संचालक जॉन पेल. प्रत्यक्ष खर्च खाजगी संस्थांनी केला. एकट्या जॉइंट डिस्ट्रिब्यूशन कमिटी (थोडक्यात ‘जॉइंट’) या अमेरिकी ज्यू मदतसंस्थेनं सुमारे दीड कोटी डॉलर. बोर्डाची खरी ताकद पैशात नव्हती. परवाने आता आठ महिन्यांऐवजी काही दिवसांत मिळू लागले, गोठवलेल्या खात्याची रीत सर्रास वापरात आली, मदतसंस्थांचे निरोप सरकारी तारांतून जाऊ लागले, आणि प्रतिनिधींना राजनैतिक दर्जा मिळाला: तुर्कस्तानात आयरा हर्शमन, बर्नला रॉस्वेल मॅक्लेलंड, स्टॉकहोमला आयव्हर ओल्सन.

हर्शमननी मार्च १९४४ मध्ये रोमानियाच्या राजदूताची, अलेक्झांडर क्रेत्झिआनू यांची भेट घेतली आणि युद्धानंतरच्या हिशेबाची स्पष्ट जाणीव करून दिली. ट्रान्सनिस्ट्रियातले सुमारे ४८,००० ज्यू माघार घेणाऱ्या जर्मन सैन्याच्या वाटेतून बाजूला, रोमानियाच्या आत हलवले गेले. वर्षभरापूर्वीच्या जाहिरातीतली माणसं ती हीच. समुद्रमार्ग मात्र अडखळतच चालला. ‘तारी’ हे मोठं तुर्की जहाज ठरवलं, पण जर्मनीनं सुरक्षित मार्गाची हमी दिली नाही आणि ते हललंच नाही. मग ‘मिल्का’, ‘मारित्झा’, ‘काझबेक’ अशी लहान जहाजं हमीशिवाय सुटली. ५ ऑगस्टला ‘मेफकुरे’ सोव्हिएत पाणबुडीनं बुडवलं, तीनशेहून अधिक माणसं गेली.

हंगेरीचा हिशेब सर्वांत वेदनादायक आहे. मार्च १९४४ मध्ये जर्मनी तिथं घुसली. १५ मे पासून आठ आठवड्यांत सुमारे ४,३७,००० ज्यू आउश्वित्झला गेले. तिथं नेणारे रेल्वेमार्ग आणि गॅसकोठड्या यांच्यावर बाँब टाकण्याची मागणी बोर्डानं युद्धखात्याकडे पोचवली. ती नाकारली गेली, आणि २० ऑगस्टला अमेरिकी विमानांनी तिथून सात-आठ किलोमीटरवरच्या कारखान्यावर मात्र बाँब टाकले. जुलैच्या सुरुवातीला रूझवेल्ट, पोप, स्वीडनचे राजे यांचे इशारे आणि बुडापेस्टवरचा बाँबहल्ला यानंतर हंगेरीचा सत्ताधीश हॉर्थी यानं गाड्या थांबवल्या, तेव्हा मुख्यतः राजधानी बुडापेस्टमधले ज्यू उरले होते.

त्यांच्यासाठी कागद हेच हत्यार ठरलं. बोर्डाच्या पुढाकारानं आणि जॉइंटच्या पैशावर स्वीडननं राउल वॉलेनबर्गला पाठवलं. तो ९ जुलैला बुडापेस्टला पोचला. त्याचं संरक्षणपत्र निळ्या-पिवळ्या रंगाचं, तीन मुकुटांचं बोधचिन्ह, फोटो, शिक्का, सही असलेलं होतं. आंतरराष्ट्रीय कायद्यात त्याला काही किंमत नव्हती, पण शिक्क्याच्या कागदापुढे पोलिस थबकत. स्विस उपवाणिज्यदूत कार्ल लुट्झ यांच्याकडे पॅलेस्टाइनच्या सुमारे ८,००० दाखल्यांची मंजुरी होती. त्यांनी प्रत्येक दाखला एका व्यक्तीचा न मानता कुटुंबाचा मानला, आणि तेच क्रमांक पुन्हा पुन्हा वापरले, म्हणजे तपासणाऱ्याला ८,००० च्या वरचा आकडा कधी दिसायचा नाही. यात बिघडायचं ते असं: कागद चालतो हे कळलं की नकला निघतात, नकला वाढल्या की खऱ्या कागदाची पत जाते. नोव्हेंबरात ओबुडाच्या वीटभट्टीवर अडवलेल्या लोकांची खरी आणि खोटी पत्रं निवडायची सक्ती लुट्झ पतिपत्नीवर झाली. कुणाला बाजूला काढायचं हे त्यांना ठरवावं लागलं.

दक्षिण अमेरिकी पासपोर्टांची गतही अशीच. बर्नमधल्या पोलिश वकिलातीतले कॉन्स्टान्टी रोकित्स्की पराग्वेचे कोरे पासपोर्ट हातानं भरत. परदेशी नागरिक म्हणून ते धारक फ्रान्समधल्या व्हिटेलच्या छावणीत अदलाबदलीसाठी ठेवले जात. पण पराग्वेनं पासपोर्ट मान्य केल्याशिवाय ती ढाल पोकळच. बोर्डानं दबाव आणून मान्यता मिळवेपर्यंत व्हिटेलमधल्या बऱ्याच पोलिश ज्यूंना एप्रिल-मे १९४४ मध्ये पुढे रवाना केलं गेलं होतं.

अमेरिकेत आणलेले किती? न्यूयॉर्क राज्यातल्या ओस्वेगोच्या फोर्ट ओंटारियोत एकूण ९८२, तेही कोट्याबाहेरचे ‘पाहुणे’ म्हणून, युद्धानंतर परत जाऊ असं लिहून घेऊन. तटस्थ देशांना दारं उघडा म्हणताना स्वतःचं दार एवढंच उघडलं होतं, आणि त्यांनी ते तोंडावर ऐकवलं.

शेवटी आकड्यांबद्दल, कारण पुढचा प्रश्न तोच असतो. बोर्डामुळे सुमारे दोन लाख ज्यू वाचले हा इतिहासकार डेव्हिड वायमन यांचा अंदाज. इतर काही जण हजारोंच्या घरातच थांबतात. फरक मोजण्याच्या रीतीचा आहे. बुडापेस्टमध्ये सुटकेच्या वेळी जिवंत असलेले सुमारे १,२०,००० आणि ट्रान्सनिस्ट्रियातले ४८,००० पूर्णपणे बोर्डाच्या नावावर धरले की पहिल्या आकड्याचा बहुतांश भाग भरतो. पण दोन्हीकडे सोव्हिएत लाल सैन्याची आगेकूच, स्थानिक ज्यू युवागटांची जिवावर उदार होऊन केलेली कामं, तटस्थ देशांचे दूत आणि रेडक्रॉस यांचाही वाटा होता. म्हणून एकूण बेरीज उद्धृत करण्यापेक्षा ठिकाण, महिना आणि कुठला कागद किंवा कुठला पैसा उपयोगी पडला, हे तिन्ही धरून लिहावं.